उंबराचे पाणी आणि टँकरचे पाणी

ईस्टर सरला की आमच्या टेबलावर लग्नपत्रिकांची चवड वाढू लागते. प्रायश्चित्तकाळात थांबून राहिलेली लग्ने एप्रिल-मे महिन्यांत एकदम निघतात आणि पाऊस तोंडावर येईपर्यंत धर्मगुरूच्या वाट्याला मोकळा शनिवार-रविवार म्हणून येत नाही. पत्रिका वाचण्याची आम्हांला हौस आहे. आम्ही सेमिनरीतून बाहेर पडलो तेव्हा पत्रिकेत दोनच गोष्टी ठळक असत : देवळात लग्नविधी किती वाजता आणि जेवण कोठे. आता पत्रिकेच्या पोटातून आणखी एक पत्रिका निघते. तिच्यावर सोनेरी अक्षरांत ‘वेलकम पार्टी’ असे छापलेले असते. खाली वेळ, मैदानाचा पत्ता, पाहुण्यांनी कोणत्या रंगाचे कपडे घालून यावे ह्याची सूचना आणि नाचगाण्याचा क्रम. लग्नाच्या आदल्या रात्री दुरून आलेल्या पाहुण्यांचे स्वागत व्हावे, त्यांनी मजा करावी, हा हेतू. हेतूविषयी आमची तक्रार नाही. ह्या हेतूच्या नावाखाली आमच्या वस्त्यांत जे चालले आहे त्याविषयी मात्र आज आम्ही स्पष्ट बोलणार आहोत. कोणी दुखावले गेल्यास आमचा नाइलाज आहे.

दिवा हे गाव ज्यांना लोकलच्या दारातूनच ठाऊक आहे, त्यांच्यासाठी दोन शब्द. मुंब्रा आणि कोपर यांच्या मधले हे जंक्शन. येथून रेल्वेचा एक फाटा पनवेलकडे जातो, दुसरा वसईकडे. भोवती दातिवली, बेतवडे, आगासन, साबे, म्हातार्डी ही आगरी समाजाची जुनी गावे. एके काळी येथे भाताची खाचरे होती. गेल्या काही दशकांत त्यांच्या जागी चाळी आणि इमारती उठल्या, कारण ज्याला मुंबईत घर परवडत नाही त्याला दिवा परवडते. कारभार ठाणे महानगरपालिकेचा. ठाणे शहराचा कचरा मात्र २०२३ पर्यंत वर्षानुवर्षे आमच्या दारात येऊन पडत होता. आणि पाणी? पाण्यासाठी येथील बायकांनी हंडे घेऊन मोर्चे काढले आहेत. कोणाच्या नळाला किती वाजता पाणी येते हे येथे शेजाऱ्याला शेजाऱ्याच्या वाढदिवसापेक्षा पक्के ठाऊक असते. दिव्यातल्या कोणत्याही समारंभाचा विचार ह्या पाण्याला वगळून करता येणार नाही, हे वाचकांनी आताच मनात धरून ठेवावे.

आता प्रसंग सांगतो. माणसांची नावे सांगणार नाही. ती आमची माणसे आहेत आणि चूक त्यांच्या एकट्यांची नाही.

गेल्या हंगामात आमच्या ओळखीतल्या एका ईस्ट इंडियन कुटुंबातल्या मुलीचे लग्न ठरले. वडील कारखान्यात कामाला. मुंबईच्या गावठाणातले घर भावाभावांत वाटले गेले, वाट्याला आलेल्या पैशात दिव्यात दोन खोल्या घेतल्या, असा त्यांचा इतिहास. मुलगा सिंधुदुर्गातला, म्हणजे वऱ्हाड कोकणातून येणार. मुलीच्या आजीची एकच इच्छा होती : आदल्या संध्याकाळी उंबराचे पाणी झाले पाहिजे. वाचकांपैकी पुष्कळांना हा विधी ठाऊक आहे. लग्नाच्या आदल्या दिवशी बायकापोरे वाजतगाजत विहिरीवर जातात, पाणी भरून आणतात आणि त्या पाण्याने नवऱ्यामुलीला किंवा मुलाला स्नान घालतात. दिव्यात जवळपास वापरातली विहीर नव्हती. तेव्हा म्हातारीने स्वतःच तोड काढली. ती तांब्या घेऊन शेजारच्या चाळीत एका बाईकडे गेली आणि म्हणाली, तू पाणी दे, तुझ्या घरची माझी विहीर. त्या बाईच्या पिंपात दोन दिवसांचे साठवलेले पाणी होते. तिने तांब्या भरून दिला. पाचच्या सुमारास हा विधी आमच्या डोळ्यांदेखत झाला आणि आम्हांला फार बरे वाटले.

सात वाजता मैदानावर वेलकम पार्टी सुरू झाली. आम्हांला माइकवरून प्रार्थना म्हणण्यास बोलाविले होते. आम्ही ती म्हटली. त्यानंतर पाण्याचा टँकर आला. दिव्यात टँकरचा आवाज झाला की दारे उघडतात. शेजारच्या चाळीतल्या पाच-सहा जणी हंडे घेऊन बाहेर आल्या, त्यांत तांब्या भरून देणारी बाईही होती. व्यवस्था पाहणाऱ्या तरुणाने त्यांना अडवले. हे पाणी प्यायचे नाही, हे रेन डान्ससाठी आहे, असे त्याने सांगितले. बायका काही क्षण उभ्या राहिल्या आणि परत गेल्या. थोड्याच वेळात वरून नळ्यांतून पाऊस सुरू झाला, पिवळे कपडे घातलेले पाहुणे त्याखाली नाचू लागले आणि मैदानातून वाहत आलेले पाणी चाळीच्या पायऱ्यांपर्यंत पोहोचले.

काही दिवसांनी आम्ही त्या बाईच्या घरी गेलो. क्षमा मागायची होती, पण कशी मागावी ते सुचत नव्हते. तीच म्हणाली, “पाण्याचं काय फादर, ते आमचं रोजचंच आहे. पण हाक मारली असती तर आम्हीपण आलो असतो.”

ज्या शेजारणीच्या घरच्या पाण्याने नवरीचे स्नान झाले, तिला त्या रात्रीचे आमंत्रणच नव्हते. माणशी ताटाचा हिशोब ठेकेदाराशी ठरलेला होता आणि त्या हिशोबात चाळ बसत नव्हती.

आता थोडा पाण्याचाही हिशोब मांडू. टँकर १०,००० लिटरचा धरू. शहरातील माणसाला दिवसाला १३५ लिटर पाणी मिळावे, असे आपल्या देशातील पाणीपुरवठ्याचे मान आहे. म्हणजे त्या टँकरमध्ये चौऱ्याहत्तर माणसांचे एका दिवसाचे पाणी होते. हंडा १५ लिटरचा धरला तर साडेसहाशेहून अधिक हंडे होतात. काना येथील लग्नात प्रभूने द्राक्षारस केला तो सहा दगडी रांजणांतल्या पाण्याचा. अभ्यासकांच्या हिशोबाने एकेका रांजणात ८० ते १२० लिटर पाणी मावत असे. सहा रांजणांचे मिळून फार तर सातशेवीस लिटर झाले. ज्या लग्नाची आठवण दोन हजार वर्षे टिकली त्याला एवढे पाणी पुरले. आम्हांला मात्र एका संध्याकाळच्या करमणुकीला त्याच्या चौदापट लागले.

ते रांजण तेथे कशासाठी होते, हेही लक्षात घ्यावे. ते यहुद्यांच्या शुद्धीकरणाच्या रीतीसाठी, म्हणजे आलेल्या पाहुण्यांना हातपाय धुण्यासाठी होते. पाहुण्याचे स्वागत पाण्याने करण्याची ही रीत आपल्याला परकी नाही. मराठी घरात दुरून आलेल्या माणसापुढे प्रथम गूळपाणी येते आणि पाय धुण्यासाठी तांब्या येतो. पाणी हेच आपले जुने ‘वेलकम’. म्हणूनच दिव्यातल्या त्या टँकरची गोष्ट आम्हांला केवळ उधळपट्टीची वाटत नाही. स्वागताची जी खूण होती, तीच शेजाऱ्याच्या तोंडावर दार लावण्याचे साधन झाली.

येथे काही वाचक म्हणतील, चर्चला लोकांचा आनंद कधी पाहवला आहे? हा आरोप आम्ही हसण्यावारी नेत नाही, कारण त्यात तथ्य आहे. गोव्यात १५६० साली सुरू झालेल्या आणि १८१२ साली बंद झालेल्या इन्क्विझिशनने १४ एप्रिल १७३६ रोजी एक फर्मान काढले. लग्नात ओव्या म्हणणे, विड्यासुपारीची देवाणघेवाण, वधूवरांना हळद, नारळाचे तेल-दूध आणि तांदळाचे पीठ लावून न्हाऊ घालणे, अशा कितीतरी गोष्टींवर त्यात बंदी होती. अ. का. प्रियोळकरांनी १९६१ साली प्रसिद्ध केलेल्या आपल्या ग्रंथात ह्या इतिहासाची साधार मांडणी केली आहे. आमच्याच पूर्वसूरींनी बायकांच्या तोंडची गाणी आणि वाटीतली हळद गुन्हा ठरवली, हे आम्ही मान खाली घालून मान्य करतो. तसे करताना ते आपल्याच परंपरेला विसरले होते. ट्रेंट येथील धर्मसभेने १५६३ सालीच, विवाहासंबंधी प्रदेशोप्रदेशी ज्या प्रशंसनीय रीती आहेत त्या राखाव्यात, असे म्हटले होते. दुसऱ्या व्हॅटिकन धर्मसभेने १९६३ साली उपासनाविषयक घटनेत त्याचाच पुनरुच्चार केला.

आणि गंमत अशी की त्या फर्मानाला लोक पुरून उरले. गोव्यात आणि मंगळूरकडे रोस आजही होतो. नारळाचे दूध आणि तेल लावून वधूवरांना न्हाऊ घातले जाते. आमच्या ईस्ट इंडियन घरांत उंबराचे पाणी आजही येते. इन्क्विझिशनला जे जमले नाही ते आता बाजाराला जमते की काय, अशी आम्हांला धास्ती वाटते. फर्मानाला लोक भीत होते, पण मनातून मानत नव्हते. ठेकेदाराच्या रंगीत पुस्तिकेला कोणी भीत नाही, सगळे मनापासून मानतात.

आदल्या दिवसाचे हे विधी कशासाठी होते, ह्याचा थोडा विचार करावा. ह्या सगळ्यांत एक समान सूत्र आहे. लग्नघर त्या दिवशी दुसऱ्याकडे काही मागायला जाते आणि दुसऱ्याला काही द्यायला बाहेर पडते. विहिरीवर जाणे म्हणजे गावाच्या सामायिक पाण्यापाशी जाणे. मोठ्या कढईत फुगे तळायचे तर शेजारणींचे हात लागत, नारळ खवायचे तर पुरुषही पाटावर बसत. दिव्याच्या आगरी गावांत लग्न लावण्याचा मान परंपरेने धवलारणीचा. ही घरची, गावची बाई. हातात पोथी नाही, पण शेकडो धवले तिच्या कंठात. मराठीतील आद्य कवयित्री म्हणून जिचा मान आहे त्या महदंबेने तेराव्या शतकात रुक्मिणीस्वयंवरावर धवळेच रचले होते. तेव्हा ज्या गाण्याला आपण ‘गावंढळ’ म्हणून डीजेच्या भिंतीआड ढकलले, त्याचे नाते मराठी कवितेच्या उगमाशी आहे.

परंतु आम्हांला सर्वांत मोलाची वाटते ती गोव्यातली एक रीत. तिकडे ख्रिस्ती घरांत लग्नाआधी ‘भिकाऱ्यांचे जेवण’ घालीत. घरातल्या मृतांच्या स्मरणार्थ गोरगरिबांना बोलावून, त्यांना आदराने बसवून, घरच्यांनी हाताने वाढायचे. सोयरेधायरे त्यानंतर. लग्नघरातला पहिला पाहुणा कोण, ह्या प्रश्नाचे असे रोकडे उत्तर आम्ही दुसरीकडे पाहिलेले नाही. सेमिनरीत विवाहसंस्कारावर आम्ही जे ग्रंथ अभ्यासले, त्यांपैकी एकानेही आम्हांला हे इतक्या थोडक्यात शिकवले नाही.

ह्याच्या शेजारी आजची विकत घेतलेली स्वागताची रात्र ठेवून पाहू. तिने तीन ठिकाणी नुकसान होते.

पहिले नुकसान शेजाऱ्याचे. पाण्याचे आम्ही सांगितले. आवाजाचे सर्वांना ठाऊक आहे. ध्वनिप्रदूषणाच्या २००० सालच्या नियमांनुसार रात्री दहापासून सकाळी सहापर्यंत ध्वनिवर्धकास बंदी आहे. निवासी भागात रात्रीची मर्यादा ४५ डेसिबल आहे. वर्षातल्या काही ठरावीक सणांना सरकार बारापर्यंत मुभा देते, पण आपल्या घरचे लग्न हा काही त्या यादीतला सण नाही. दहावीच्या मुलाला, पहाटेची लोकल पकडणाऱ्या नर्सला, छातीत धडधड होणाऱ्या म्हाताऱ्याला आपण त्या रात्री न विचारता आपल्या मजेचा हप्ता भरायला लावतो. पाहुण्याची मजा आणि शेजाऱ्याची सजा, असा हा मामला आहे.

दुसरे नुकसान खुद्द लग्नघराचे. मुलीच्या ज्या वडिलांविषयी आम्ही सांगितले, त्यांनी ह्या एका रात्रीसाठी पतपेढीचे कर्ज काढले. लग्नाचा खर्च त्यांनी साठवलेल्या पैशांतून केला होता. कर्ज झाले ते आदल्या रात्रीचे. वर्षभर त्यांच्या पगारातून हप्ता जाईल. त्यांना आम्ही विचारले, कशासाठी केलेत? ते म्हणाले, मुलाकडच्यांच्या नात्यात गेल्या वर्षी झाले होते, आपण नाही केले तर मुलीला ऐकून घ्यावे लागेल. म्हणजे पाहुण्यांवरच्या प्रेमापोटी नव्हे, भीतीपोटी ते स्वागत झाले होते. ज्याची भीती वाटते तो कसला पाहुणा?

तिसरे नुकसान पाहुण्याचे, आणि ह्याचा विचार कोणीच करीत नाही. सिंधुदुर्गातून निघालेली म्हातारी माणसे दिवसभराचा प्रवास करून दिवा स्थानकावर उतरली होती. फलाटावर त्यांना घ्यायला कोणी नव्हते, कारण घरची तरुण मुले नाचाची शेवटची तालीम करीत होती. रिक्षावाल्याला पत्ता विचारीत ती आली. मैदानात त्यांना प्लास्टिकच्या खुर्च्या मिळाल्या, आवाजात एकमेकांशी बोलता येईना, कोणी कोणाची ओळख करून दिली नाही. वराच्या मामांनी आम्हांला कानाशी तोंड आणून विचारले, मुलीचे वडील कोणते? दोन घरे जोडायची ती रात्र, आणि एका घराने दुसऱ्याचे तोंडही ओळखले नाही. आपण ज्याला स्वागत म्हणतो त्यात पाहुणा प्रेक्षक झाला आहे. त्याने रंगीत कपडे घालून छायाचित्रात दिसावे, एवढेच त्याच्याकडून हवे असते.

आता आक्षेपांकडे वळू. पहिला आक्षेप नेहमीचा : लग्न आयुष्यात एकदाच होते. अगदी खरे. ख्रिस्ती विवाहाच्या बाबतीत तर आम्ही ह्यावर जन्मभर प्रवचने दिली आहेत. पण जी गोष्ट एकदाच होते ती तरी दुसऱ्याच्या लग्नाची नक्कल असू नये. आम्ही ह्या हंगामात पाच ठिकाणी प्रार्थना म्हणायला गेलो. पाचही ठिकाणी तीच गाणी, तोच पिवळा रंग, तोच धूर सोडणारा यंत्रमानव. वधूवरांची नावे फलकावर वाचल्याशिवाय आपण कोणाच्या घरी आलो आहोत हे कळत नव्हते.

दुसरा आक्षेप तरुणांचा : आम्हांला नाचायचे आहे, तुम्हांला काय त्रास होतो? काही नाही. नाचा. दावीद राजा कोशापुढे नाचला आणि त्याला हसणाऱ्या मिखलेची बाजू शास्त्राने घेतलेली नाही. आमच्या बालपणी घुमटाच्या तालावर आजोबा-नातू एकत्र नाचत. तुमच्या नाचात आजोबा कोठे आहेत, एवढे पाहा. ते घरात कानांत बोळे घालून बसले असतील तर तो नाच निम्म्या घराचाच झाला.

तिसरा आक्षेप : तुम्ही आमच्याच लोकांना बोलता, शेजारच्या गावांतल्या हळदी पाहा की. पाहिल्या आहेत. हळदीच्या रात्री मटण, मद्य आणि डीजेवर जो पैसा जातो त्याविरुद्ध आगरी-कोळी समाजातली जाणती माणसेच बोलत आहेत, आणि आपल्या लोकांचा राग ओढवून घेऊन बोलत आहेत. त्यांच्या धैर्याला आमचा नमस्कार आहे. त्यांनी आपल्या अंगणात झाडू घेतला असताना आम्ही कुंपणावरून त्यांच्या अंगणातला कचरा मोजावा, हे शोभत नाही. महाराष्ट्राला ह्या बाबतीत धडा घालून दिला तो गाडगेबाबांनी. मुलीच्या बारशाला जातीच्या रीतीप्रमाणे दारू-मटणाचे जेवण घालावे असा आग्रह असताना त्यांनी गोड जेवण वाढले. समाज काय म्हणेल, हा प्रश्न त्यांच्याही दारात उभा होता. त्यांनी त्याला जेवू घातले आणि वाटेला लावले.

चौथा आक्षेप कोणी तोंडावर करीत नाही, पण आमच्या पाठीमागे होतो : फादरांना संसार नाही, मुलगी उजवायची नाही, त्यांना काय कळणार? ह्यावर आमच्याकडे उत्तर नाही, अनुभव मात्र आहे. लग्नाच्या रात्री सगळे आमच्यापासून दूर नाचत असतात. वर्षाने हप्ते थकले की तेच वडील संध्याकाळच्या मिस्सेनंतर मागच्या बाकावर बसून राहतात आणि देऊळ रिकामे झाले की आमच्याकडे येतात. मुलगी उजवण्याची हौस आम्हांला कळत नसेल. तिचा उरलेला हिशोब आम्हांला चांगला कळतो.

शिवाय ह्या सगळ्यावाचून चालते, हे आपण सर्वांनी पाहिले आहे. मे २०२० मध्ये लग्नाला पन्नास माणसांची मर्यादा होती. एप्रिल २०२१ मध्ये महाराष्ट्रात पंचवीस माणसे आणि दोन तास एवढीच मुभा राहिली, मोडल्यास पन्नास हजार रुपयांचा दंड होता. त्या दिवसांत आम्ही लावलेली लग्ने आम्हांला आठवतात. तो काळ परत यावा असे कोणीही म्हणणार नाही, त्यात आपण फार माणसे गमावली. परंतु हळद त्याही वर्षी लागली. एका घरात तर शेजारच्या मुस्लिम बाईने दाराबाहेर उभे राहून हळदीची वाटी आत दिली होती. त्या जोडप्याला आता दोन मुले आहेत. रेन डान्स झाला नाही म्हणून त्यांच्या संसारात काही उणे पडल्याचे आमच्या कानावर नाही.

तर मग करावे काय? नुसते ‘करू नका’ म्हणणारा धर्मगुरू कोणालाच नको असतो, म्हणून काही करण्याजोगे सांगतो. आदली संध्याकाळ अवश्य साजरी करावी, आणि मजेत करावी. तिची आखणी मात्र घरापासून करावी, पुस्तिकेपासून नव्हे.

आमंत्रणाची सुरुवात भिंतीला भिंत असलेल्या घरापासून करावी. ज्याला आपल्या गाण्याचा आवाज ऐकू जाणार आहे, त्याला जेवणाचा वासही यावा आणि ताटही मिळावे. दिव्यात विहीर नाही म्हणून उंबराचे पाणी सोडू नये. त्या म्हातारीने दाखवलेली वाट घ्यावी : वाजतगाजत शेजारच्या पाच घरी जावे, प्रत्येक घरचा एक तांब्या मागावा आणि ज्यांनी पाणी दिले त्यांना त्याच मिरवणुकीत सामील करून मांडवात आणावे. ते घर हिंदूचे असो, मुसलमानाचे असो, ख्रिस्ती माणसाचे असो. पाणी मागितल्याने कमीपणा येत नाही.

तरुणांनी दोन तुकड्या कराव्यात. एकीने स्थानकावर जावे. कोकणातून, पनवेलहून, वसईच्या मोजक्या गाड्यांतून येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याची पिशवी हातात घ्यावी, त्याला घरी आणून गूळपाणी द्यावे. पाहुणे शेजाऱ्यांच्या घरांतून विभागून झोपवावेत. पूर्वी गावोगाव हीच पद्धत होती आणि त्यातून जन्माच्या ओळखी होत. दुसऱ्या तुकडीने नारळ खवावेत, कांदे चिरावेत. फुगे घरी तळावेत, पहिले चार वाकडे झाले तरी चालतील. पाहुण्यांनाही कामाला लावावे. एकत्र सोललेल्या लसणाइतकी ओळख कोणत्याही मंचावरून करून देता येत नाही.

गाण्यासाठी आधी म्हाताऱ्या बायकांना बसवावे. शेजारी धवलारीण असेल तर तिला मानाने बोलवावे, तिचे आपले देव वेगळे असले तरी नवरीला दिलेला आशीर्वाद वेगळा नसतो. मग वाद्ये येऊ द्यावीत, मग हवे तर मुलांची गाणी लावावीत. साडेनऊला शेवटचे गाणे आणि दहाला शांतता. पहिली पंगत मात्र ज्यांना पत्रिका कधीच जात नाही त्यांची : रखवालदार, सफाई करणाऱ्या बायका, टँकरचा चालक, स्थानकाबाहेर बसणारा अपंग माणूस. वाढायला नवरा आणि नवरी उभी राहावीत. आणि खर्च? जेवढा हाताशी असेल तेवढाच. आदल्या रात्रीसाठी एक रुपयाही कर्ज नको.

आता शेवटचे, आणि हे आमच्या स्वतःविषयी. त्या रात्री टँकर आला तेव्हा आम्ही मैदानातच होतो. बायका हंडे घेऊन परत गेल्या हे आम्ही पाहिले. माइक आमच्या हातापासून दोन पावलांवर होता. यजमानांना वाईट वाटेल म्हणून आम्ही बोललो नाही, समोर आलेली ताटली घेतली, जेवलो आणि नऊ वाजता घरी आलो. दुसऱ्या दिवशी लग्नाच्या मिस्सेत शुभवर्तमान काना येथील लग्नाचेच होते. द्राक्षारस संपल्याचे पवित्र मरियेच्या प्रथम लक्षात आले, असे आम्ही प्रवचनात सांगितले. ती पाहुणी असून यजमानांची अडचण ओळखून बोलली. आम्हीही पाहुणेच होतो आणि आम्हांला शेजाऱ्यांची अडचण दिसत होती. त्या कथेत आणखी एक बारकावा आहे, तो आम्ही प्रवचनात सांगण्याचे टाळले. द्राक्षारस कोठून आला हे भोजनप्रमुखाला कळले नाही. ते फक्त पाणी भरणाऱ्या नोकरांना ठाऊक होते.

ह्यापुढे लग्नाची नोंद करायला येणाऱ्या प्रत्येक जोडप्याला आम्ही नेहमीच्या प्रश्नांबरोबर आणखी दोन प्रश्न विचारणार आहोत. आदल्या संध्याकाळचे पाणी कोठून येणार? आणि शेजारच्या घरी पत्रिका दिली का? ह्या प्रश्नांना विवाहविधीच्या कायद्यात आधार नाही, हे आम्हांला ठाऊक आहे. उत्तर समाधानकारक नसले तरी लग्न आम्ही लावूच, तो त्यांचा हक्क आहे. पण मैदानावर टँकर उभा असेल आणि चाळीतल्या बायका हंडे घेऊन परत फिरत असतील, तर तेथे माइकवरून प्रार्थना म्हणायला आम्ही येणार नाही. आम्ही त्या वेळी चाळीत असू. ज्यांना आमची प्रार्थना हवी असेल त्यांनी तेथे यावे. येताना नवरीला घेऊन यावे, आणि एक तांब्या.